कंपनी ‘रिस्ट्रक्चरिंग’मध्ये आहे, मग आपल्या थकलेल्या बिलाचं काय?

ज्यांना हा भाग ऐकायला वेळ मिळाला नाही, किंवा दिवा-रोहा गाडीत मध्येच रेंज गेली, त्यांच्यासाठी हा लिखित भाग. बोलताना मी दोन-तीन ठिकाणी अडखळलो होतो, ते इथे नीट केलंय. बाकी मजकूर तोच.

आधी एक गोष्ट स्पष्ट करतो. मी वकील नाही. लोणेरेला बीटेक केलं, आता सॉफ्टवेअरमध्ये नोकरी करतो. पण गेल्या काही वर्षांत घरच्या एका थकलेल्या बिलामुळे मला जेवढा कायदा वाचावा लागला, तेवढा अभ्यास मी कॉलेजच्या शेवटच्या वर्षालाही केला नव्हता. त्यातलं जे तुमच्या कामाचं आहे, ते आज सांगतो.

दोन घरं, एक शब्द

माझ्या बाबांचं रोह्याला छोटं फॅब्रिकेशनचं शॉप आहे. धाटाव एमआयडीसीतल्या आणि आजूबाजूच्या कारखान्यांना पाईप सपोर्ट, प्लॅटफॉर्म, टाकीचे स्टँड असलं काम ते करून देतात. एका कंपनीकडे (नाव घेत नाही) त्यांचे १६ लाख २० हजार अडकले. दीड वर्ष ‘पुढच्या महिन्यात करतो’ हे ऐकून झाल्यावर बाबांनी वकील केला आणि अलिबागला दावा लावला. ‘शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये’ असं आजी म्हणत राहिली, पण दुसरा इलाज उरला नव्हता.

दुसरा माझा मित्र, पेणचा. त्याच्या घरचा ट्रान्सपोर्टचा धंदा, चार गाड्या. त्याचंही एका कंपनीकडे भाडं थकलेलं. तो कोर्टात गेलाच नाही. कारण कंपनीच्या अकाउंट्सवाल्याने त्याला सांगितलं, “आमचं रिस्ट्रक्चरिंग चालू आहे, आता कोर्टात जाऊन काही उपयोग नाही, कायद्यानेच बंदी आहे.”

गंमत बघा. बाबा समजत होते की कोर्टाचं दार उघडं आहे, आणि ते बंद झालेलं होतं. मित्र समजत होता की दार बंद आहे, आणि ते सताड उघडं होतं. दोघांच्याही कानावर शब्द एकच पडलेला: रिस्ट्रक्चरिंग.

म्हणून आजच्या भागाचं सार पहिल्यांदाच सांगून टाकतो. कंपनी ‘रिस्ट्रक्चरिंग’मध्ये आहे असं कुणी म्हणालं की पहिला प्रश्न विचारायचा: कोणतं? बँकांबरोबरचं, की एनसीएलटीतलं? पुढचं सगळं या एका उत्तरावर ठरतं.

प्रकार पहिला: बँका आणि कंपनी यांच्यातला करार

कंपनीला हप्ते झेपेनासे झाले की बँका एकत्र बसतात. मुदत वाढवतात, व्याज कमी करतात, काही कर्जाचे शेअर करून घेतात. आरबीआयने २००१ साली यासाठी सीडीआर नावाची व्यवस्था आणली होती. पुढे ७ जून २०१९ च्या परिपत्रकाने या कामासाठी नवी चौकट घालून दिली.

पेणकरांना याचं उदाहरण शोधायला लांब जायला नको. डोलवीचा कारखाना पूर्वी इस्पात इंडस्ट्रीजचा होता. इस्पातच्या कर्जाची पुनर्रचना बँकांनी याच सीडीआर मार्गाने केली होती. पुढे डिसेंबर २०१० मध्ये जेएसडब्ल्यूने कंपनीत मोठा हिस्सा घेतला आणि कारखाना त्यांच्याकडे गेला.

आता लक्षात ठेवायचा मुद्दा. हा करार कंपनी आणि कर्ज देणाऱ्या बँका यांच्यातला असतो. तुम्ही त्यावर सही केलेली नाही, त्यामुळे तुमचं बिल त्यात बांधलं जात नाही. तुमचा दावा लावायचा हक्क शाबूत असतो. बँकांनी हप्ते पुढे ढकलले म्हणून तुमचं येणं आपोआप पुढे ढकललं जात नाही.

थांबत नाही ती एकच गोष्ट: मुदत. पुरवलेल्या मालाचे किंवा केलेल्या कामाचे पैसे कोर्टातून मागायला साधारणपणे ३ वर्षं असतात. माझ्या मित्राची सगळ्यात जुनी बिलं २ वर्षं ८ महिन्यांची झाली होती. म्हणजे ‘बंदी आहे’ या एका वाक्यावर विश्वास ठेवून तो अजून चार महिने गप्प बसला असता, तर त्या बिलांवर पाणी सोडावं लागलं असतं.

मुदत वाचवायचा साधा उपाय म्हणजे कंपनीकडून येणं-बाकीचं पत्र सही-शिक्क्यानिशी घेणं. मुदत संपण्याआधी कंपनीने लेखी कबूल केलं की ‘यांचं आमच्याकडे इतकं देणं आहे’, तर तिथून ३ वर्षं नव्याने मोजली जातात. व्हॉट्सॲपवरचा ‘हो सर, बघतो’ हा मेसेज त्या पत्राची जागा घेईल या भरवशावर राहू नका.

मित्राने काय केलं? रक्कम ३ लाखांच्या वर होती, म्हणून हा व्यापारी दावा. अशा दाव्यात तातडीचा आदेश मागायचा नसेल, तर आधी मध्यस्थीसाठी अर्ज करावाच लागतो. सुप्रीम कोर्टाने १७ ऑगस्ट २०२२ ला पाटील ऑटोमेशनच्या निकालात हे सक्तीचं असल्याचं सांगितलंय. त्याने अर्ज केला. समोरची पार्टी आली. सहा हप्त्यांत मूळ रक्कम मिळाली, व्याज सोडलं. प्रत्येकाचं इतक्या सहज सुटेल असं मी म्हणत नाही. पण अर्जच केला नसता तर हेही झालं नसतं.

प्रकार दुसरा: एनसीएलटी

नादारी व दिवाळखोरी संहिता २०१६ साली आली. आपण तिला आयबीसी म्हणू. यात एखादी बँक, एखादा पुरवठादार किंवा खुद्द कंपनी राष्ट्रीय कंपनी कायदा न्यायाधिकरणात, म्हणजे एनसीएलटीत जाते. महाराष्ट्रासाठी मुंबईचं खंडपीठ. अर्ज दाखल झाल्याने काही थांबत नाही. तो ‘स्वीकारला’ गेला की त्या दिवसापासून कलम १४ लागू होतं, ज्याला मोरॅटोरियम म्हणतात.

मोरॅटोरियममध्ये कंपनीविरुद्ध नवा दावा लावता येत नाही. चालू दावा पुढे सरकत नाही. हातात हुकूमनामा असला तरी जप्ती करता येत नाही. संचालक मंडळाचे अधिकार जातात आणि कारभार रिझोल्यूशन प्रोफेशनलच्या हातात येतो. त्याला आपण आरपी म्हणू. सुरुवातीला नेमतात तो अंतरिम आरपी. ही प्रक्रिया १८० दिवसांची, वाढवून २७०, आणि कोर्टबाजी धरून ३३० दिवसांत संपवावी असं कायदा म्हणतो. प्रत्यक्षात याहून बराच जास्त वेळ लागतो.

रायगडातलं उदाहरण खोपोलीचं. उत्तम गाल्वा स्टील्सविरुद्धचा अर्ज मुंबई एनसीएलटीने २०२० मध्ये स्वीकारला आणि २०२२ मध्ये आर्सेलरमित्तल निप्पॉन स्टीलने ती कंपनी घेतली. म्हणजे एकाच जिल्ह्यात, एकाच धंद्यात दोन कारखाने. डोलवीत बँकांनी बाहेर बसून कर्ज सावरलं, खोपोलीत एनसीएलटीतून मालक बदलला. पुरवठादारासाठी हे दोन संपूर्ण वेगळे रस्ते आहेत.

इनोव्हेंटिव्हची गोष्ट: दोन्ही रस्ते एकाच कंपनीत

हे नीट समजायला पुणे जिल्ह्यातली इनोव्हेंटिव्ह इंडस्ट्रीज बघा. कामगारांच्या अडचणींमुळे २०१२ पासून तोटा सुरू झाला असं कंपनीचं म्हणणं होतं. १९ बँका आणि वित्तसंस्थांचं देणं होतं. सप्टेंबर २०१४ मध्ये सीडीआरखाली पुनर्रचनेचा करार झाला. झाला हा प्रकार पहिला.

मग २२ जुलै २०१५ ला राज्य सरकारने १९५८ च्या महाराष्ट्र रिलीफ अंडरटेकिंग्ज कायद्याखाली अधिसूचना काढून कंपनीची देणी तात्पुरती स्थगित केली. हा आपल्या राज्याचा जुना कायदा. लोकांची नोकरी वाचावी म्हणून सरकार एखाद्या उद्योगाला असं छत्र देऊ शकतं.

डिसेंबर २०१६ मध्ये आयसीआयसीआय बँक आयबीसीखाली एनसीएलटीत गेली. कंपनी म्हणाली, “आमची देणी तर राज्याच्या कायद्याने स्थगित आहेत, मग थकबाकी कसली?” एनसीएलटीने १७ जानेवारी २०१७ ला अर्ज स्वीकारला. प्रकरण सुप्रीम कोर्टात गेलं आणि ३१ ऑगस्ट २०१७ ला न्यायमूर्ती नरिमन आणि न्यायमूर्ती कौल यांच्या खंडपीठाने निकाल दिला: दोन कायदे एकमेकांच्या आड आले तर संसदेची संहिता वरचढ. शिवाय अर्ज स्वीकारल्यावर जुन्या संचालकांना कंपनीच्या नावाने अपील चालवता येणार नाही.

तो निकाल बँकेच्या अर्जावरचा होता. तरी आपल्यासाठी त्यातून एक गोष्ट कळते. ‘कंपनी अडचणीत आहे’, ‘चर्चा चालू आहे’, ‘सरकारने मदत केलीय’ या सगळ्या वाक्यांचं कायद्याच्या नजरेत वजन वेगवेगळं आहे. म्हणून ऐकीव शब्दावर थांबायचं नाही. कागद मागायचा: कोणत्या कायद्याखाली, कोणत्या तारखेचा आदेश?

बाबांची चूक

आता घरी येतो. अलिबागच्या दाव्यात एका तारखेला समोरच्या वकिलाने पुरशिस दिली, की कंपनीविरुद्ध एनसीएलटीत अर्ज स्वीकारला गेलाय, सबब दावा स्थगित ठेवावा. तसा तो ठेवला गेला. बाबा घरी येऊन म्हणाले, “दावा रद्द नाही केला, नुसता थांबवलाय. आपला नंबर लागलेलाच आहे.”

मलाही ते पटलं होतं. इथेच आम्ही दोघं चुकलो.

कोर्टातला दावा आणि आरपीकडचा क्लेम या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. दावा कितीही आधी लावलेला असू दे, आरपीकडे वेगळा क्लेम भरावा लागतो. पुरवठादाराला कायद्यात ऑपरेशनल क्रेडिटर म्हणतात, आणि त्याच्यासाठी ‘फॉर्म बी’ असतो. कामगार असाल तर फॉर्म वेगळा, पैसे व्याजाने दिले असतील तर वेगळा.

क्लेम नाही भरला तर काय होतं? १३ एप्रिल २०२१ च्या घनश्याम मिश्रा निकालात सुप्रीम कोर्टाने सांगितलं, की एकदा रिझोल्यूशन प्लॅन मंजूर झाला की त्यात नसलेली जुनी येणी संपतात. मोरॅटोरियम उठल्यावर अलिबागचा थांबलेला दावा पुन्हा सुरू करायला आपण जाणार, आणि नवीन मालक प्लॅनची प्रत दाखवणार. विषय संपला.

अंतरिम आरपी नेमला गेला की त्याने ३ दिवसांत जाहीर सूचना काढायची असते: एक इंग्रजी पेपर, एक प्रादेशिक भाषेतला पेपर, आणि आयबीबीआयची वेबसाइट. सूचनेतली तारीख साधारण १४ दिवसांची असते. ती चुकली तरी प्रक्रिया सुरू झाल्यापासून ९० दिवसांपर्यंत क्लेम देता येतो. त्यानंतर उशिराचं कारण द्यावं लागतं आणि गोष्ट दुसऱ्यांच्या मर्जीवर जाते.

आमच्या बाबतीत सूचना पेपरात आली होती. आमच्या घरी तो पेपर येत नाही. मी एका शनिवारी सहज आयबीबीआयच्या साइटवर कंपनीचं नाव टाकलं, तेव्हा ७१ वा दिवस होता. बाबा आणि मी रविवारी रात्री दोन वाजेपर्यंत जमिनीवर बिलं पसरून बसलो होतो. फॉर्म ईमेलने गेला. क्लेम भरायला फी लागत नाही, वकीलही सक्तीचा नाही. लागतात ते कागद: पर्चेस ऑर्डर, बिलं, पोच सहीची चलनं, ई-वे बिल, जीएसटी रिटर्न, खातेउतारा, बँक स्टेटमेंट, आणि कोर्टातल्या दाव्याची प्रत. दोन चलनांवर पोच सही नव्हती. त्या दोनवरच आरपीने सगळ्यात जास्त प्रश्न विचारले.

खरं सांगायचं तर, हातात किती येतं?

आम्ही व्याजासकट १८ लाख ४० हजार मागितले होते. मूळ १६ लाख २० हजार मान्य झाले. ऑर्डरमध्ये व्याजाचं कलम नव्हतं म्हणून व्याज कापलं गेलं. दोन वर्षांनी प्लॅन मंजूर झाला आणि हातात आले ८१ हजार. शंभरातले पाच.

असं का? आपल्याकडे म्हणतात ना, आडातच नाही तर पोहऱ्यात कुठून येणार. कंपनी विकून पैसे वाटायची वेळ आली तर कलम ५३ मध्ये रांग ठरलेली आहे. आधी प्रक्रियेचा खर्च. मग कामगारांचं २४ महिन्यांचं देणं आणि तारण असलेल्या बँका, एका पातळीवर. मग इतर कर्मचारी, मग विनातारण कर्ज देणारे, मग सरकारी देणी. त्यानंतर ‘उरलेली देणी’, आणि तिथे आपण. आपल्या मागे जवळजवळ फक्त शेअरवाले.

प्लॅनमध्येही पुरवठादाराला किमान तेवढंच मिळालं पाहिजे जेवढं या रांगेप्रमाणे मिळालं असतं. कंपनीची किंमत बँकांच्या कर्जापेक्षा कमी असेल तर ते ‘किमान’ शून्यही असू शकतं. मतदान बँकांच्या समितीत होतं, तिथे आपल्याला मत नाही. १५ नोव्हेंबर २०१९ च्या एस्सार स्टील निकालात सुप्रीम कोर्टाने बँका आणि पुरवठादार यांना वेगळं वागवायला हरकत नाही असंच सांगितलं.

मला हे अन्यायाचं वाटतं का? वाटतं. बँकेकडे तारण होतं, बाबांकडे फक्त विश्वास होता. पण रांग माहीत असेल तर आपण उधारी किती वाढवायची हे तरी ठरवता येतं.

एनसीएलटी लागली तरी उघडे राहणारे रस्ते

एक, चेक बाउन्स. १ मार्च २०२१ च्या पी. मोहनराज निकालाप्रमाणे मोरॅटोरियममध्ये कंपनीवरची कलम १३८ ची केस थांबते, पण चेकवर सही करणाऱ्या आणि जबाबदार असलेल्या संचालकांवरची चालू राहते. मात्र तारखा पाळा: चेक परत आल्याचं कळल्यापासून ३० दिवसांत नोटीस, नोटीस मिळाल्यापासून पैसे द्यायला १५ दिवस, आणि ते उलटल्यावर एका महिन्यात तक्रार.

दोन, हमीदार. दुसऱ्या कंपनीने किंवा मालकाने तुमच्या बिलाची लेखी हमी दिली असेल, तर कलम १४ त्याला वाचवत नाही.

तीन, नवा माल. एनसीएलटीने अर्ज स्वीकारल्यानंतर आरपीच्या सांगण्यावरून जो माल तुम्ही देता, त्याचे पैसे प्रक्रियेच्या खर्चात धरले जातात, म्हणजे रांगेत सगळ्यात पुढे. त्यासाठी नवी ऑर्डर आरपीकडून लेखी घ्या. जुन्या आणि नव्या बिलांची सरमिसळ करू नका.

चार, मुदत. मोरॅटोरियमचा काळ ३ वर्षांच्या हिशेबातून वगळला जातो. पण त्याच्या भरवशावर क्लेम भरायचा राहू देऊ नका, बाबांसारखं व्हायला नको.

आणि एक प्रश्न बऱ्याच जणांनी विचारला: आपणच कंपनीला एनसीएलटीत खेचायचं का? २४ मार्च २०२० पासून त्यासाठी किमान १ कोटीची थकबाकी लागते. त्याआधी ही मर्यादा १ लाख होती. आपल्यासारख्यांसाठी तो रस्ता जवळपास बंद आहे.

आज रात्री मोबाईलवर करायची तीन कामं

पहिलं, ज्यांच्याकडे तुमची मोठी उधारी आहे त्या कंपन्यांची यादी करा आणि एमसीएच्या साइटवर त्यांचं स्टेटस बघा. मग आयबीबीआयच्या जाहीर सूचनांमध्ये नाव शोधा. महिन्यातून एकदा, लाइट बिल भरता त्या दिवशी. दहा मिनिटांचं काम आहे.

दुसरं, घरच्या धंद्याची उद्यम नोंदणी नसेल तर करून घ्या, माल देण्याआधी. सूक्ष्म आणि लघु उद्योगाला लेखी करार असला तरी ४५ दिवसांत पैसे मिळाले पाहिजेत, नाहीतर आरबीआयच्या बँक दराच्या तिप्पट, दरमहा चक्रवाढ व्याज लागतं. एनसीएलटीची वेळ येण्याआधीच त्याची ऑनलाइन तक्रार करता येते. नंतर केलं तर बैल गेला आणि झोपा केला.

तिसरं, प्रत्येक चलनावर पोच सही घ्या आणि तिथेच फोटो काढून ठेवा.

बाबांनी आता शॉपमध्ये टेबलामागे एक पाटी लावलीय. त्यावर खडूने कंपन्यांची नावं आणि प्रत्येकीची उधारीची मर्यादा लिहिलेली असते. मर्यादा भरली की गेटमधून माल बाहेर जात नाही, मग समोरचा कितीही जुना ओळखीचा असो. गेल्या महिन्यात एका मोठ्या ऑर्डरला त्यांनी पहिल्यांदा ‘आधी अर्धे पैसे’ असं सांगितलं. ऑर्डर गेली. दोन दिवस ते गप्प होते. तिसऱ्या दिवशी त्याच पार्टीचा फोन आला, अर्धे पैसे पाठवतो म्हणून.

तुमच्या घरी असं एखादं अडकलेलं बिल असेल, तर हा भाग आधी आईबाबांना ऐकवा, आणि मग त्या कंपनीचं नाव शोधा. रक्कम मोठी असेल तर वकिलाला नक्की भेटा. जाताना बिलांची फाईल घेऊन जा आणि पहिला प्रश्न तोच विचारा: रिस्ट्रक्चरिंग कोणतं? भेटू पुढच्या भागात.